साक्षीवर विश्वास बसत नाही तेव्हा



मागच्या वेळी आपण शब्दप्रमाणाचा विचार केला. व्याख्यान संपल्यावर एका श्रोत्यांनी विचारलं, "सर, साक्षीदार होता, त्याने डोळ्यांनी पाहिलं होतं, तरी आरोपी सुटला. मग कोर्टाने म्हटलं तरी काय? गुन्हा घडलाच नाही, असं?" प्रश्न साधा वाटतो, पण त्यात ज्ञानशास्त्र आणि न्याय दोन्ही गुंतलेले आहेत. म्हणून आज त्याचाच विचार करू.

आधी एक घोळ दूर करू. 'कोर्टाने खटला काढून टाकला' असं आपण सरसकट म्हणतो, पण फौजदारी खटला वेगवेगळ्या टप्प्यांवर संपतो. एक, उच्च न्यायालय कार्यवाहीच रद्द करतं. फिर्यादीतला शब्द न् शब्द खरा धरला तरी गुन्हा होत नसेल, तर खटला पुढे चालवण्यात अर्थ नसतो. दोन, आरोप निश्चित करण्याच्या वेळी न्यायाधीश आरोपीला आरोपमुक्त करतात. तीन, साक्षीपुरावे होऊन शेवटी निर्दोष मुक्तता होते.

साक्षीदार भरवशाचा आहे की नाही, हा प्रश्न मुख्यतः तिसऱ्या टप्प्यावरचा. दुसऱ्या टप्प्यावर न्यायाधीशांसमोर असतात ती कागदपत्रं आणि पोलिसांनी लिहून घेतलेले जबाब. साक्षीदार पिंजऱ्यात उभाच राहिलेला नसतो, उलटतपासणी झालेली नसते. मग त्याला खोटा कसा ठरवणार? प्रफुल्लकुमार सामल खटल्यात १९७८ साली सर्वोच्च न्यायालयाने मर्यादा आखून दिली. खटला चालवण्याइतका सकृतदर्शनी आधार आहे का, एवढ्यापुरतंच न्यायाधीशांनी पुरावा चाळून पाहावा, तिथेच अख्खा खटला चालवू नये.

आता साक्षीकडे वळू. न्यायदर्शनात आप्ताचा शब्द प्रमाण मानला आहे. इथे आप्त म्हणजे नातेवाईक नव्हे. वात्स्यायनाच्या विवरणाचा आशय असा, की ज्याला वस्तू साक्षात कळली आहे आणि जशी कळली तशी सांगण्याची ज्याची इच्छा आहे, तो आप्त. मग तो ऋषी असो, आर्य असो की म्लेच्छ, लक्षण एकच. बघा, दोन अटी झाल्या: जाणणं आणि सांगण्याची इच्छा. उलटतपासणीत वकील नेमक्या याच दोन जागी बोट ठेवतात. अंधार होता, अंतर किती होतं, चेहरा आधी ओळखीचा होता का, हे झालं जाणण्याबद्दल. जुनं वैर, बांधावरचं भांडण, पैशाची देवघेव, हे झालं इच्छेबद्दल.

मात्र नातेवाईक आहे म्हणून साक्ष टाकाऊ, असा नियम नाही. दलीपसिंग खटल्यात १९५३ साली सर्वोच्च न्यायालयाने उलटा विचार मांडला: जवळचा माणूस खऱ्या गुन्हेगाराला सोडून भलत्यालाच कशाला अडकवेल? वैर असेल तर सावध राहायचं, एवढंच.

संख्येचंही तसंच. अमुक इतके साक्षीदार हवेतच, असं आपला कायदा म्हणत नाही. जुन्या पुरावा कायद्याचं कलम १३४ हेच सांगत होतं. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमात तीच तरतूद कलम १३९ मध्ये आहे. वडिवेलु तेवर खटल्यात १९५७ साली मृताच्या पत्नीच्या एकटीच्या साक्षीवर शिक्षा कायम झाली. त्याच निकालात साक्षीदारांचे तीन वर्ग सांगितले आहेत. पूर्ण विश्वसनीय असेल तर एकाचीही साक्ष पुरते. पूर्ण अविश्वसनीय असेल तर ती सोडून द्यायची. अडचण तिसऱ्या वर्गाची, ना धड इकडचा ना तिकडचा. त्याच्या साक्षीला इतर पुराव्याचा टेकू लागतो.

इथे आपली गृहिणी आठवावी. सुपात पाखडताना कोंड्याबरोबर ती दाणे फेकत नाही. 'एक गोष्ट खोटी म्हणजे सगळंच खोटं' हे तत्त्व आपल्या न्यायालयांनी नियम म्हणून स्वीकारलेलं नाही. दिवस चुकला, कपड्यांचा रंग चुकला, तर ती माणसाच्या स्मृतीची रीत आहे. उलट दहा जणांनी पाठ केल्यासारखं एकच सांगितलं, तर आम्हांला तरी शंका येईल. पण विसंगती मुळावरच असेल, म्हणजे आरोपी तिथे होता का, वार कोणी केला यावरच असेल, आणि दाणे-कोंडा वेगळे करताच येत नसतील, तर सगळं सूप रितं करावं लागतं.

आणि साक्षीदार फितूर झाला तर? तरीही त्याची साक्ष आपोआप पुसली जात नाही. इतर पुराव्याशी जुळणारा भाग न्यायालय घेऊ शकतं. पण सगळेच फिरले तर उरतं काय? वडोदऱ्याच्या बेस्ट बेकरी खटल्यात २००३ साली एकवीसच्या एकवीस आरोपी सुटले. सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये फेरखटला महाराष्ट्रात चालवायला सांगितला. २००६ साली मुंबईत नऊ जणांना शिक्षा झाली, आणि २०१२ मध्ये उच्च न्यायालयाने त्यांतल्या पाच जणांना सोडलं. वारंवार जबाब बदलणाऱ्या प्रमुख साक्षीदारालाही न्यायालयाच्या अवमानाबद्दल वर्षभराची कैद झाली. सांगण्याची इच्छा भीतीने किंवा लोभाने मरते, हे या प्रकरणाने दाखवलं. पुढे २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने साक्षीदार संरक्षण योजनेला मान्यता दिली, ती याच दुखण्यावरचा उपाय म्हणून.

आता मूळ प्रश्न. 'घडलं नाही हे कळलं' आणि 'घडलं हे कळलं नाही' ही दोन वेगळी वाक्यं आहेत. निर्दोष मुक्तता बहुतेक वेळा दुसरं वाक्य उच्चारते. कायद्यापुरता आरोपी निर्दोष होतो आणि तसंच त्याच्याशी वागलं पाहिजे. पण फिर्यादी बाई खोटी होती, असा निष्कर्ष त्यातून आपोआप निघत नाही. गावात नेमका तोच काढला जातो आणि तिचं जगणं कठीण होतं.

दुसरी बाजूही विसरू नये. शिवाजी साहेबराव बोबडे खटल्यात १९७३ साली न्यायालयाने दोन्ही सांगितलं: प्रत्येक बारीकसारीक शंकेचा फायदा आरोपीला देत सुटू नये. पण 'असेल' आणि 'असलाच पाहिजे' यांतलं अंतरही ओलांडलं गेलंच पाहिजे. कच्च्या साक्षीवर ते अंतर आपण कल्पनेने ओलांडलं, तर उद्या त्या पिंजऱ्यात आपल्यातलाच कोणी निरपराध उभा असेल.

म्हणून सुटकेची बातमी वाचली की आपण एवढंच विचारावं: साक्षीदाराला नीट कळलं नव्हतं, की त्याला सांगू दिलं गेलं नाही? पहिलं असेल तर न्यायालयाने आपलं काम केलं. दुसरं असेल, तर बाकी समाजाचं काम राहून गेलं.