ताबा कोणाचा, हित कोणाचे?

आईबाप विभक्त झाले की मुलाचा ‘ताबा’ मागितला जातो. जणू मूल म्हणजे नारळीपोफळीची वाडीच! कायदा मात्र मुलाच्या बाजूने पाहतो. मूल अलिबागेत राहत असेल, तर मुंबईच्या बापालाही पालकत्वाचा अर्ज येथेच करावा लागतो. १९५६ च्या हिंदू अज्ञानत्व व पालकत्व कायद्याने पित्याला प्रथम पालक मानले, पाच वर्षांखालील मूल सामान्यतः आईकडे दिले. परंतु कलम १३ ने मुलाचे हित सर्वांच्या वर ठेवले. जिजाबाई गजरे खटल्यात (१९७०) पिता हयात असूनही लेकीकडे पाहत नव्हता. सर्वोच्च न्यायालयाने आईलाच नैसर्गिक पालक मानले. समजत्या मुलाचे मतही न्यायाधीश विचारात घेऊ शकतात. परिस्थिती पालटल्यास ताब्याचा आदेशही बदलता येतो. म्हणून आई जिंकली की बाप, हे विचारण्यापेक्षा मूल कोठे नीट वाढेल, हे विचारावे.