भूल द्यावी तरी कोणती?

"डॉक्टरबाई, भोके तीनचारच पाडणार ना? मग पूर्ण भूल कशाला? कमरेत एक सुई द्या नि भागवा!"

भूल देण्याच्या व्यवसायात मला तीस वर्षे झाली. या काळात हे वाक्य मी किती वेळा ऐकले असेल, त्याची गणती नाही. माणसे सर्जनची निवड दहा ठिकाणी चौकशी करून करतात; भूल कोण देणार, हे मात्र कोणी विचारीत नाही. पण भूल कोणती घ्यावी, याबद्दल शेजारपाजारच्या प्रत्येकाचे ठाम मत असते!

दुर्बिणीतून पित्ताशय काढण्याची भारतातली पहिली शस्त्रक्रिया डॉ. तेहेमटन उडवाडिया यांनी १९९० साली मुंबईच्या जे. जे. रुग्णालयात केली. त्याआधी बरगडीखाली चांगला वीतभर छेद घेत व रोगी आठवडाभर खाटेवर पडून राही. आता तो एकदोन दिवसांत घरी येतो. त्यामुळे 'छोटे ऑपरेशन' हा शब्द रूढ झाला. छेद छोटा झाला हे खरे. भूल काही त्या मानाने छोटी झाली नाही. कशी ते सांगते.

पोट म्हणजे रिकामी खोली नव्हे. आतडी, जठर, यकृत सारी एकमेकांना बिलगून बसलेली असतात. नुसती दुर्बीण घातली तर दिसणार काय? म्हणून आधी बेंबीजवळून पोटात कार्बन डायऑक्साइड वायू भरतात. मांडवाचे कापड खांबांवर उचलून धरावे तशी पोटाची भिंत वर उचलली जाते. हाच वायू का? तर तो पेट घेत नाही, आणि आत विजेच्या हत्याराने रक्तवाहिन्या डागायच्या असतात. शिवाय तो रक्तात चटकन विरघळतो व श्वासावाटे बाहेर पडतो.

या वायूचा दाब साधारणपणे पाऱ्याच्या १२ ते १५ मिलिमीटर इतका ठेवतात. त्याने श्वासपटल वर ढकलले जाते व फुप्फुसांना जागा कमी पडते. आणि रक्तात शिरलेला जादा वायू बाहेर टाकण्याचे कामही त्याच फुप्फुसांच्या गळ्यात! घरात पाहुणे वाढावेत नि नेमकी त्याच दिवशी मोलकरणीने दांडी मारावी, तशी गत. गर्भाशयाच्या शस्त्रक्रियेत तर टेबल डोक्याकडून खाली कलते करतात, म्हणजे पोटातला सारा भार छातीवर येतो. पोट ताणले गेल्याने एखाद्याची नाडी एकाएकी मंदावतेही. मग वायू सोडून द्यायचा, औषध द्यायचे, आणि नाडी सावरली की पुन्हा सुरुवात.

यासाठीच बहुतेक वेळा आम्ही पूर्ण भूल देतो. शिरेतून दुधासारखे पांढरे प्रोपोफॉल दिले की मिनिटभरात झोप लागते. मग स्नायू सैल करणारे औषध देऊन श्वासनलिकेत नळी घालतो. तिच्या टोकाशी एक फुगा असतो. तो फुगवला की जठरातले आम्ल फुप्फुसात उतरत नाही. पुढचा श्वास यंत्र देते. बाहेर पडणाऱ्या श्वासात कार्बन डायऑक्साइड किती, हे पडद्यावर दिसत असते. तो वाढला की मी यंत्राचे श्वास वाढवते. नळीमुळे घसा एकदोन दिवस खवखवतो, काहींना मळमळते. "मध्येच जाग आली तर?" ही भीती पुष्कळांना असते. ब्रिटन व आयर्लंडमध्ये याची मोठी पाहणी झाली. २०१४ साली तिचा अहवाल आला. तीत सुमारे १९ हजार भुलींमागे एक अशी तक्रार आढळली.

आता कमरेतल्या सुईकडे वळू. ती काही कमी मानाची नव्हे. १८९८ साली जर्मनीत ऑगस्ट बियर यांनी तिची सुरुवात केली, तीही स्वतःवर व आपल्या सहायकावर प्रयोग करून! सहायकाचे पाय बधिर झाले, तेव्हा बियरसाहेबांनी त्याच्या नडगीवर लोखंडी हातोडी मारून पाहिली. मग दोघांनी आनंदाने मद्य घेतले, सिगार ओढले, आणि पुढे कित्येक दिवस डोकेदुखीने दोघेही बेजार झाले. आता सुया केसासारख्या बारीक झाल्याने ती डोकेदुखी क्वचितच होते. 'त्या सुईने जन्माची पाठ धरते' असे बायका एकमेकींना सांगतात. त्यात तथ्य नाही. पण रक्त पातळ करणारी गोळी चालू असेल, तर ही सुई देताना फार विचार करावा लागतो.

दुर्बिणीची शस्त्रक्रिया या सुईवर होते का? होते. काम थोडक्यात आटोपणारे असेल, रोगी शांत असेल, सर्जन कमी दाबावर काम करू शकत असेल, तर होते. दम्याने फुप्फुसे पार खिळखिळी झालेल्या काही रोग्यांना तर तीच सोयीची पडते. अडचण अशी, की पित्ताशयासाठी छातीपर्यंत बधिरता चढवावी लागते, रक्तदाब उतरतो. आणि श्वासपटलाची नस निघते मानेतून! तिथवर कमरेतले औषध पोचत नाही. म्हणून पोट बधिर, पण खांदा ठणकतोय, अशी विलक्षण अवस्था होते. जागा रोगी चुळबुळ करू लागला की शेवटी पूर्ण भूलच द्यावी लागते. कुटुंबनियोजनाच्या दुर्बिणीच्या शस्त्रक्रियेत मात्र थोडी गुंगी व जागेवर बधिर करणारे इंजेक्शन यांवर काम भागते; तिथे काम मिनिटांचेच असते.

तेव्हा निवड छिद्रांच्या संख्येवर होत नाही. ती रोग्याच्या हकिकतीवर होते. आणि ही हकीकत, वाचकहो, आम्हाला क्वचितच पुरी सांगितली जाते.

काही वर्षांपूर्वी पन्नाशीच्या एक बाई पित्ताशयातल्या खड्यांसाठी आल्या. बरोबर यजमान, थोरले दीर आणि मोबाईलवरून माहिती काढून आलेली सून. दिरांनी कमरेतल्या सुईचा निकाल आधीच देऊन टाकला होता. बाई गप्प. मी सर्वांना बाहेर बसवले. मग हळूच म्हणाल्या, "बाई, मी मिश्री लावते. दिवसातून तीनदा. घरात ठाऊक नाही." मी लिहून घेतले, मिश्री म्हणजे तंबाखूच, नाडी नि रक्तदाब चढवणारी. पण त्यांचे बोलणे संपले नव्हते.

"माझ्या भावाचं अपेंडिक्सचं ऑपरेशन झालं होतं. ते झालं अर्ध्या तासात, पण रात्रीपर्यंत तो श्वासच घेईना. मशीनवर ठेवला होता. आईनं कुणाला सांगू दिलं नाही. माझं लग्न जमायचं होतं ना."

मी कान टवकारले. सक्सिनिलकोलीन नावाचे स्नायू सैल करणारे औषध एरवी काही मिनिटांत उतरते. पण रक्तात एक विशिष्ट एन्झाइम जन्मतः कमी असेल तर त्याला तासन्‌तास लागतात. हा दोष घराण्यात चालत येतो. यंत्रावर श्वास देत राहिले तर रोगी सुखरूप उठतो, पण ठाऊक असेल तर ती वेळच येऊ देऊ नये. बाईंच्या रक्ताची तपासणी केली. एन्झाइम अगदीच कमी निघाले. पूर्ण भूलच दिली, पण ते औषध टाळून दुसरे वापरले. शस्त्रक्रिया संपताच बाई नावाने हाक मारल्यावर डोळे उघडून "झालं?" म्हणाल्या. त्यांच्या मुलांच्याही तपासण्या करवून घेतल्या. मुलीत तोच दोष निघाला. त्या औषधाचे नाव लिहिलेले कार्ड ती आता पर्समध्ये बाळगते. लग्न ठरताना तिने ते मुलाकडच्यांना स्वतःच दाखवले.

हलणारा दात, कवळी, रात्रीचे घोरणे, मधुमेहाच्या गोळ्या, वजन उतरवण्याची नवी इंजेक्शने (यांनी जठर उशिरा रिकामे होते), सारे सांगावे. चहाचे तर विचारूच नका! "काही खाल्लं नाही, नुसता चहा घेतला," असे पहाटे ऐकले की शस्त्रक्रिया पुढे ढकलावी लागते. दूध घातलेला चहा आमच्या लेखी अन्नच. त्याला सहा तास हवेत. साधे पाणी दोन तास आधीपर्यंत चालते. तरी आपल्या डॉक्टरांनी सांगितलेली वेळच पाळावी.

घरी आल्यावर खांदा दुखू लागला की माणसे घाबरतात. पोटात वायू भरल्याने श्वासपटल चिडलेले असते, त्याचेच ते दुखणे. थोडे हिंडतफिरत राहिले की दोनतीन दिवसांत उतरते. धाप लागली, ताप चढला, किंवा पोट फुगून दुखणे वाढत गेले, तर मात्र वायूवर हवाला ठेवून घरी ओवा चघळत न बसता तडक रुग्णालय गाठावे.