एका तासात संग्रहालय कसं बघायचं?

गटाची सहल म्हटली की आपल्याकडे ठरलेलं असतं. देवदर्शन, वाटेत एखादं धरण किंवा बाग, आणि येताना बाजार. देवाचं नाव घेतलं की घरून नाही म्हणत नाहीत, हे तुम्हालाही माहीत आहे आणि आम्हालाही. पण "संग्रहालय बघायला जायचंय" असं म्हणून बघा. लगेच प्रश्न येतो, "तिथं काय ठेवलंय तुझं?"

आजच्या बोलण्यात आम्ही याच प्रश्नाचं उत्तर देणार आहोत. कारण पुण्यात एक नावाजलेलं संग्रहालय असं आहे, की तिथं खरोखरच आपलं बरंच काही ठेवलेलं आहे. शुक्रवार पेठेत, बाजीराव रस्त्याजवळ ते आहे. नाव राजा दिनकर केळकर संग्रहालय. आमच्या गटांतल्या बायांना घेऊन आम्ही तिथं जाऊन आलो. एक तासच हातात होता. त्या तासात काय बघायचं, कसं बघायचं आणि काय विचारायचं, ते आज सांगतो.

आधी हे संग्रहालय उभं कसं राहिलं ते ऐका. दिनकर गंगाधर केळकर यांचा जन्म १८९६ सालचा. त्यांचा चष्म्यांचा व्यवसाय होता, आणि 'अज्ञातवासी' या नावानं ते कविता लिहीत. लोक त्यांना काकासाहेब म्हणायचे. १९२० च्या सुमारास त्यांनी जुन्या वस्तू जमवायला सुरुवात केली. त्यांचा राजा नावाचा मुलगा लहान वयातच गेला. त्याच्या आठवणीसाठी त्यांनी संग्रहाला त्याचं नाव दिलं. म्हणजे 'राजा' हे नाव कुठल्या गादीवरच्या राजाचं नाही, आईबापांच्या गेलेल्या लेकराचं आहे. पत्नी कमलाबाईंची त्यांना या कामात साथ होती. १९६० पर्यंत सुमारे १५,००० वस्तू जमल्या. १९६२ साली संग्रहालय सुरू झालं आणि १९७५ साली काकासाहेबांनी सगळा संग्रह महाराष्ट्र शासनाकडे सोपवला. आज तिथं २०,००० हून जास्त वस्तू आहेत. त्यातल्या साधारण २,५०० मांडलेल्या असतात.

आता हिशोब करा. हिशोब तर आपल्या हातचा आहे. २,५०० वस्तूंना एकेक मिनिट दिलं तरी एक्केचाळीस तासांहून जास्त लागतील. आपल्याकडे एक तास. म्हणून पहिला नियम असा, की सगळं बघायचं नाही. सगळं बघायला निघालेली बाई शेवटी पाय दुखवून घेते आणि तिला एकही वस्तू धड आठवत नाही. आम्ही चार-पाच ठिकाणं आधीच ठरवली, आणि प्रत्येक ठिकाणी दहा मिनिटं थांबायचं असं सांगून ठेवलं.

पहिलं ठिकाण, स्वयंपाकघरातल्या वस्तू. तांब्या-पितळेची भांडी, पळ्या, झारे, किसण्या. इथं एक गंमत होते. जिला पाटी वाचता येत नाही, तीच पुढं होऊन सांगायला लागते. कुठल्या भांड्यात काय शिजायचं, कुठलं भांडं लग्नात यायचं, हे आपल्या म्हाताऱ्या बायांना कुणी शिकवायला नको. इथं मार्गदर्शकाला कल्हईबद्दल विचारा. तांब्या-पितळेच्या भांड्यात चिंच, आमसूल, ताक असं आंबट ठेवलं तर ते धातूशी लागतं, कळकतं आणि पोटाला बाधतं. म्हणून आतून कथलाचा पातळ थर देतात, तीच कल्हई. कल्हईवाला गावात यायचा बंद झाला, तसं पितळेचं भांडं माळ्यावर गेलं. भांडं जुनं झालं म्हणून गेलं नाही, त्याची निगा राखणारा गेला म्हणून गेलं.

दुसरं ठिकाण, अडकित्ते. इथं इतक्या प्रकारचे अडकित्ते आहेत, की बाया तिथून हलत नाहीत. कुणाला घोड्याचा आकार, कुणाला पक्ष्याचा, तर काहींवर माणसंसुद्धा. पण आकारापेक्षा त्याची रीत बघा. कडक सुपारी हातानं फुटत नाही, अडकित्त्यात मात्र सहज कातरली जाते. का? कारण सुपारी बिजागरीजवळ असते आणि आपला हात लांब टोकाला. दाराच्या बिजागरीच्या फटीत बोट सापडलं तर किती चेंगरतं, ते आठवा. दार लोटणाऱ्यानं हळूच लोटलेलं असतं, पण बिजागरीजवळ जोर कितीतरी पटीनं वाढतो. लोहारानं हे शास्त्र शाळेत जाऊन शिकलं नव्हतं, तरी हातानं ओळखलं होतं.

तिसरं ठिकाण, दिवे. समया, लामणदिवे, साखळीला टांगलेले दिवे. दिव्यावरचा मोर नाहीतर हत्ती कसा घडवला असेल? त्याची एक जुनी रीत अशी. आधी मेणाचा मोर करायचा. त्यावर बारीक मातीचे थर द्यायचे आणि खाली एक भोक ठेवायचं. भट्टीत तापवलं की मेण वितळून बाहेर येतं आणि आत मोराच्या आकाराची पोकळी राहते. त्यात वितळलेलं पितळ ओतायचं. गार झालं की माती फोडायची. साचा एकदाच वापरता येतो, म्हणून या रीतीनं केलेले दोन मोर हुबेहूब सारखे नसतात. हे ऐकल्यावर आमच्यातली एक बाई म्हणाली, "म्हणजे भाकरीसारखंच. थापणारी एक, पण दोन भाकरी सारख्या होत नाहीत."

चौथं ठिकाण, बायकांच्या वस्तू. फण्या, करंडे, बाहुल्या, आणि वज्री. वज्री म्हणजे अंघोळीच्या वेळी टाचा घासायची धातूची वस्तू. खालची बाजू खरबरीत आणि वर पकडायला एखादा पक्षी नाहीतर प्राणी. बघा, टाचेचा मळ काढायची वस्तू, पण तीही कुणाला तरी सुंदर करावीशी वाटली. शेतात आणि चुलीपुढं राबणाऱ्या बाईच्या टाचांना भेगा पडतात, हे काही नवीन नाही. त्या भेगांसाठी बसून केलेलं काम आज काचेच्या कपाटात आहे. आमच्या बाया इथं सगळ्यात जास्त वेळ गप्प उभ्या राहिल्या.

पाचवं ठिकाण, मस्तानी महाल. पहिल्या बाजीराव पेशव्यांनी मस्तानीसाठी कोथरूडला बांधलेल्या वाड्याचे उरलेले भाग आणून काकासाहेबांनी तो इथं पुन्हा उभा केला. सिनेमामुळं सगळ्यांना तिथं आधी जायचं असतं. आम्ही तो मुद्दाम शेवटी ठेवला, नाहीतर निम्मा वेळ तिथंच गेला असता. या संग्रहात पैठण शैलीची चित्रकथीची चित्रंही आहेत. ती मांडलेली आहेत का, ते विचारून घ्या. ही चित्रं एकेक करून लोकांपुढं धरायची आणि गाऊन रामायण-महाभारतातली कथा सांगायची, अशी ही कला. सिंधुदुर्गात कुडाळजवळ पिंगुळीला ठाकर समाजानं ती आजही जपली आहे.

आता मार्गदर्शकाशी कसं बोलायचं? तो माणूस रोज तेच सांगतो, त्यामुळं भरभर बोलतो. त्याला आधीच सांगा, "दादा, आमच्यात वयस्कर बाया आहेत, सावकाश सांगा. एक तास आहे, आणि आम्हाला या पाच गोष्टी बघायच्या आहेत." मग चार प्रश्न ठेवा. ही वस्तू कुठली? कशाची केली? कशाला वापरायचे? आणि केली कुणी?

पहिल्या तीन प्रश्नांची उत्तरं बहुतेक मिळतात. चौथ्याचं फारसं मिळत नाही. तिथल्या बहुतेक वस्तू अठराव्या-एकोणिसाव्या शतकातल्या. तांबट, कासार, सुतार, लोहार, विणकर यांनी त्या केल्या, पण कुणाचं नाव लिहून ठेवलेलं नाही. आणि वापरणाऱ्या बाईचं तर नाहीच नाही. त्या पळीनं किती जणींनी किती वर्षं वाढलं, याची कुठं नोंद नाही. म्हणून चौथा प्रश्न सोडू नका. उत्तर मिळालं नाही तरी विचारा. विचारल्यानं निदान आपल्या लक्षात येतं, की नोंद झाली नाही तर काम कितीही चांगलं असलं तरी नाव पुसलं जातं. बचत गटात आपण पैशाची नोंद ठेवायला शिकलो. कामाची नोंद ठेवायला अजून शिकायचं आहे.

तिथल्या नियमांचंही थोडं सांगतो. वस्तूंना हात लावू नका म्हणतात, तेव्हा पुष्कळ बायांना वाटतं की आपल्यालाच हटकलं. तसं नाही. हाताच्या घामात मीठ आणि तेलकटपणा असतो. रोज शेकडो हात लागले तर धातू काळवंडतो, लाकडावरची नक्षी झिजते. काही दालनांत उजेड कमी असतो, तोही कंजुषीनं नव्हे. उन्हात वाळत घातलेल्या लुगड्याचा रंग उडतो, तसाच जुन्या कापडाचा आणि चित्रांचा रंग उजेडानं उडतो. फोटो काढायचा तर आधी विचारा.

तयारीसाठी थोडक्यात. आठवडाभर आधी फोन करून वेळ, तिकीट आणि मार्गदर्शकाची सोय विचारा. गटानं येणाऱ्यांना सवलत आहे का, तेही विचारा. इमारतीत मजले चढायला लागतात, म्हणून गुडघे दुखणाऱ्या बायांसाठी खालच्या मजल्यावरचं काय बघायचं ते वेगळं ठरवा. आधी चहा-पाणी उरका, मग आत जा. खर्चाचा ठराव मासिक सभेत घेऊन वहीत लिहा. आणि घरी परवानगी मागताना "हिंडायला" म्हणू नका, "शिकायला" म्हणा. कारण तेच खरं आहे.

आता शेवटची आणि महत्त्वाची गोष्ट. जून महिना आला की बियाणं, खत, पोरांच्या वह्या, सगळं एकदम येतं. मग माळ्यावरचा हंडा, घंगाळ, जुनी समई खाली उतरते आणि मोडीत जाते. वजनावर भाव होतो आणि संपलं. आम्ही म्हणणार नाही की विकू नका. घरात पैशाची गरज असते तेव्हा पितळ कामाला येतं, आपल्या आज्यांनीही ते त्यासाठीच जपलं होतं. पण विकायच्या आधी तीन गोष्टी करा. एक, आपल्या समोर वजन करून घ्या आणि दोन ठिकाणी भाव विचारा. दोन, त्या वस्तूचा मोबाईलवर फोटो काढा. तीन, गटाच्या एका वेगळ्या वहीत लिहून ठेवा: वस्तूचं नाव, कुणाच्या घरची, कुठून आली, कुणी केली, कशाला वापरायचे, आणि ती वापरायची रीत आता गावात कुणाला येते. शंभर वर्षांहून जुनी, घडणीची वस्तू असेल तर मोडीत घालायच्या आधी जाणत्या माणसाला दाखवा. अशा पुरातन वस्तूंसाठी १९७२ चा कायदा आहे. त्या वस्तू परदेशात नेऊन विकायला कुणालाही मुभा नाही.

आमच्या दोन गटांनी अशी वही सुरू केली आहे. गटातली कॉलेजला जाणारी मुलगी लिहिते आणि म्हाताऱ्या बाया सांगतात. पहिल्याच बैठकीत जात्याच्या खुंट्यापासून बाळंतिणीच्या शेगडीपर्यंत सदतीस नावं झाली. त्यातल्या निम्म्या वस्तू लिहिणाऱ्या मुलीनं कधी बघितल्याच नव्हत्या.

काकासाहेबांनी एकट्यानं सुरुवात केली होती. आपण तर दहा-बारा जणी असतो. पुढच्या सभेला येताना प्रत्येकीनं घरातली एक जुनी वस्तू, आणि ती वापरलेली एक म्हातारी बाई, दोघींना बरोबर आणा. वही कोरी असली तरी चालेल.