काळीज, कलेजा आणि जिगर

मागच्या वर्षी अम्मीला रात्री दवाखान्यात न्यावं लागलं. डॉक्टरांनी विचारलं, “आजी, कुठं दुखतंय?” अम्मी म्हणाली, “कलेजे में.” लगेच कार्डिओग्राम काढला. (असं सांगितल्यावर तो काढलाच पाहिजे.) तो व्यवस्थित आला. मग सिस्टर म्हणाल्या, “हात ठेवून दाखवा बरं.” अम्मीनं हात ठेवला तो उजव्या बाजूला, फासळ्यांच्या खाली. सकाळी सोनोग्राफीत पित्ताशयात खडा दिसला.

अम्मीचा शब्द तसा चुकला नव्हता. कलेजा म्हणजे मुळात यकृतच, आणि पित्ताशय त्यालाच चिकटलेलं असतं. बकरी ईदला कुर्बानीनंतर आधी तव्यावर पडते ती कलेजी; तिला कोणी हृदय म्हणत नाही. मराठीतलं काळीज हा कलेजाचा सख्खा भाऊ. दोघेही संस्कृत ‘कालेय’ या शब्दापासून आले, त्याचा अर्थही यकृत. पण बोलताना आपण ‘काळीज धडधडलं’ म्हणतो. यकृत कधी धडधडतं का?

जुन्या युनानी वैद्यकात रक्त यकृतात तयार होतं असं मानत. इब्ने सीनानं ‘अल-कानून’मध्ये दिल आणि दिमागाबरोबर जिगरला शरीराच्या मुख्य अवयवांत बसवलं. हृदय रक्त शरीरभर फिरवतं हे हार्वेनं 1628 मध्ये मांडलं. तोवर माया, हिंमत, दुःख यांचं घर जिगरमध्ये पक्कं झालं होतं.

जिगर शब्द फारसी. वर्गात मी फळ्यावर ‘यकृत’ आणि ‘जिगर’ शेजारी लिहिले आणि हे एकाच मुळाचे म्हटलं, तेव्हा मुलं हसली. एक म्हणाला, “मॅडम, जिगर म्हणजे तर डेअरिंग!” पण खरं आहे ते. संस्कृत आणि फारसी एकाच भाषाकुळातल्या. ग्रीकमधला ‘हेपार’ही त्यांचाच भाऊ, ज्यापासून हिपॅटायटिस आला. म्हणून उर्दूत लेकराला ‘लख्ते जिगर’ म्हणतात आणि मराठीत ‘काळजाचा तुकडा’, तर दोन्हीकडची आई एकाच अवयवाचं नाव घेते. त्या तुकड्यासाठी ती करते ती ‘काळजी’ही काळजातूनच आलेली.

अरबीत यकृताला ‘कबिद’ म्हणतात. तहानलेल्या कुत्र्याला विहिरीतून पाणी काढून पाजणाऱ्या माणसाची हदीस आपण मुलांना सांगतो. जनावरांवर दया केल्याचंही सवाब मिळतं का, असं विचारल्यावर प्रेषित मुहम्मद (स.) यांनी प्रत्येक सजीवाबाबत सवाब असल्याचं सांगितलं. बुखारी शरीफमध्ये तिथं ‘सजीव’ या अर्थी जे शब्द आहेत, त्यांचा शब्दशः अर्थ ‘ओलं काळीज’ असा होतो. भाषांतरात हे काळीज बहुतेक वेळा हरवतं, याची मला हळहळ वाटते.

अम्मीचं ऑपरेशन झालं, आता बरी आहे. परवा नात बारावी पास झाली तेव्हा म्हणाली, “कलेजा थंडा हो गया.” या वेळी हात छातीवर होता, डावीकडे.