ओढू नका, भिजवा!

लग्नसराई सुरू झाली की पूर्वी आमच्या घरात मेंदीचे कोन यायचे. हल्ली त्यांच्या जोडीला नखांची डबी येते. दहा बोटांची तयार नखं आणि ती चिकटवायला करंगळीएवढ्या बाटलीत गोंद. साडीला शोभतील अशी नखं लावून मुली पाच मिनिटांत तयार! मला स्वतःला हे कधी जमायचं नाही. सकाळी कणीक तिंबायची, दुपारी शाळेत खडू धरायचा, त्यात ही लांब नखं कुठे सांभाळणार? पण घरात तेरा वर्षांची मुलगी असली की आपल्याला न जमणाऱ्या गोष्टीही उंबरा ओलांडून आत येतातच.

मागच्या वर्षी धाकट्या दिरांच्या लग्नात, सीमंतपूजनाच्या संध्याकाळी, आमची लेक आणि तिची आतेबहीण नखं लावत बसल्या होत्या. बाटली जरा जास्त दाबली गेली, आणि लेकीचा अंगठा नि तर्जनी एकमेकांना घट्ट चिकटून बसली. ‘‘आई, सुटत नाहीये गं!’’ बाहेर गाडीचा हॉर्न वाजत होता, सासूबाई हाका मारत होत्या, माझ्या निऱ्या अजून बसायच्या होत्या. मी तिचा हात धरला आणि बोटं फटकन ओढून वेगळी केली. बोटं सुटली, पण अंगठ्याच्या पेराची कातडीही गोंदाबरोबर निघून आली. पोरीनं सगळं लग्न बोटाला पट्टी बांधून काढलं.

मी ते विसरूनही गेले. ती मात्र विसरली नव्हती. पुढे शाळेच्या गॅदरिंगच्या आदल्या दिवशी न्हाणीघराचं दार बराच वेळ बंद दिसलं. दार उघडायला लावलं, तर बाईसाहेब वडिलांच्या दाढीचं ब्लेड घेऊन चिकटलेली बोटं सोडवायच्या तयारीत! माझ्या पोटात गोळाच आला. ‘‘अगं, मला हाक का नाही मारलीस?’’

‘‘तू ओढशील म्हणून.’’

मैत्रिणींनो, ते तीन शब्द मला ब्लेडपेक्षा जास्त लागले. ब्लेड काढून घेतलं, आमच्या आळीतल्या डॉक्टरीणबाईंना फोन केला, आणि त्या सांगतील तसं एकेक करत गेले. वीस मिनिटांत बोटं सुटली, एक ओरखडासुद्धा न उठता. तेच आज तुम्हाला सांगायचं आहे.

हा गोंद आहे तरी काय?

आमच्या शाळेतल्या विज्ञानाच्या बाईंनी मला हे समजावून दिलं. नखांचा गोंद आणि तुटलेला कप किंवा चपलेचा पट्टा चिकटवायचा झटपट गोंद, दोन्ही एकाच कुळातले. नाव सायनोॲक्रिलेट. 1942 साली अमेरिकेत हॅरी कूव्हर आणि त्यांचे सहकारी बंदुकीच्या नेमासाठी पारदर्शक प्लास्टिक शोधत होते. तेव्हा हा पदार्थ हाती आला, पण तो ज्याला त्याला चिकटतो म्हणून त्यांनी बाजूला टाकला. 1951 मध्ये त्याच दुर्गुणाचा उपयोग त्यांच्या ध्यानात आला आणि 1958 मध्ये तो गोंद म्हणून बाजारात आला.

इतर गोंद वाळून घट्ट होतात, हा ओलाव्यानं घट्ट होतो. हवेतली दमट आणि कातडीवरचा घाम त्याला पुरतो, म्हणून बोटं क्षणात चिकटतात. पण आपली कातडी सतत वरून झडत असते आणि तिच्यातून घाम व तेलही सुटत असतं. त्यामुळे हा गोंद कातडीवर कायमचा राहूच शकत नाही. काहीही केलं नाही तरी दोन-चार दिवसांत तो आपोआप सुटतो. एवढं मनात पक्कं धरलं की निम्मी घाबरगुंडी तिथेच संपते.

बोटं अशी सोडवा

1. एका भांड्यात सोसवेल इतकं कोमट पाणी घ्या, त्यात अंगाच्या साबणाचा फेस करा. दहा-पंधरा मिनिटं बोटं बुडवून ठेवा. पाणी गार झालं तर बदला.

2. गोंदाच्या कडा पांढुरक्या, मऊ झाल्या की बोटं विरुद्ध दिशांना ओढू नका. पेन्सिल दोन बोटांत फिरवतो तशी ती एकमेकांवर हलके हलके घोळवा. फट दिसली की चमच्याचा गुळगुळीत दांडा तिच्यात अलगद सरकवा.

3. सुटत नसेल तर फटीत खोबरेल किंवा गोडंतेल सोडून चोळा. पुन्हा साबणाचं पाणी. दोन-तीन वेळा करावं लागेल, कंटाळू नका.

4. तरीही अडलं तर नेलपॉलिश काढायचं रिमूव्हर. मात्र बाटलीवर ॲसिटोन लिहिलेलं पाहून घ्या, कारण ॲसिटोन नसलेल्या रिमूव्हरचा इथे फारसा उपयोग नाही. कान साफ करायच्या कापसाच्या काडीनं ते फक्त वाळलेल्या गोंदावर लावा, मिनिटभर थांबा, मग बोटं घोळवा. सुटली की साबणानं हात धुऊन तेल लावा, कारण ॲसिटोननं कातडी कोरडी पडते.

चिकटवलेलं नखही असंच काढायचं. कोमट साबणाच्या पाण्यात भिजवून, कडेला तेल सोडून, बाजूनं हळूच उचलायचं. उपटून काढलं तर आपल्या नखाचा पापुद्रा त्याच्याबरोबर येतो आणि नख महिनोन्‌महिने पातळ राहतं.

एवढं सांभाळा

ॲसिटोन पटकन पेट घेतं. गॅस, देवापुढची समई, उदबत्ती, काहीही पेटलेलं जवळ नको. खिडकी उघडी ठेवा. प्लास्टिकचं टेबल, खोटे दागिने आणि काही कृत्रिम धाग्यांची कापडं त्यानं खराब होतात. लहान मुलांना, कापलेल्या-खरचटलेल्या जागी आणि डोळ्या-तोंडाजवळ ॲसिटोन मुळीच लावू नका.

दुसरी गोष्ट मलाही नवी होती. ओला गोंद सुती रुमालानं किंवा कापसानं पुसायला जाऊ नका. सुताशी त्याची गाठ पडली की एकदम उष्णता निर्माण होते आणि चांगलं भाजू शकतं. सुती कपड्यावर बराच गोंद सांडून तो गरम लागला तर लगेच भरपूर पाणी ओता.

ओठ चिकटले तर कोमट पाण्यानं ओले करत राहा, आतून जिभेनं भिजवा; ओढू नका. मुलाच्या तोंडात गोंद गेला असेल तर डॉक्टरांकडेच न्या.

आणि सगळ्यांत महत्त्वाचा डोळा. पापण्या चिकटल्या तर जोर लावून उघडू नका. तेल नको, ॲसिटोन तर नकोच नको. कोमट स्वच्छ पाण्यानं डोळा बराच वेळ धुवा, वर ओली स्वच्छ घडी ठेवा आणि तडक डोळ्यांच्या डॉक्टरांकडे जा. पापण्या बहुधा काही दिवसांत सुटतात, पण आत बुबुळाला इजा झाली की नाही हे त्यांनीच पाहायला हवं.

हे मी वाचून सांगत नाही. सासूबाईंचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं, तेव्हा त्यांच्या डोळ्यांत घालायच्या थेंबांची बाटली आणि हा गोंद आमच्याकडे एकाच फळीवर होता. दोन्ही बाटल्या तेवढ्याच, दोन्हींना तसंच निमुळतं तोंड. चष्मा काढलेल्या सासूबाई एकदा गोंदाची बाटली उघडून मान वर करून बसलेल्या! मी ताटं घ्यायला आत गेले म्हणून बचावलो. त्या दिवसापासून औषधांच्या फळीवर औषधाखेरीज काही नाही. गोंद वेगळ्या डब्यात, डब्यावर मोठ्या अक्षरांत नाव, आणि डबा वरच्या कपाटात.

खूप भाजलं, फोड आले, कातडी सोलली, नखाभोवती लाली नि खाज उठली, किंवा नख हिरवट दिसू लागलं, तर घरगुती उपाय थांबवा आणि डॉक्टरांना दाखवा.

परवा लेकीनं पुन्हा नखं लावली, आणि पुन्हा गोंद सांडला. ह्या वेळी न्हाणीघराचं दार उघडंच होतं. आतून हाक आली, ‘‘आई, कोमट पाणी आण गं!’’ मी पोळी अर्धी लाटून उठले. पोळी वाळली, पण हाक आली हे मला पुष्कळ झालं.