माश्यांवरील परजीवी गांधीलमाश्या

हायमेनॉप्टेरा गणातील, माश्यांच्या अळ्यांवर किंवा कोशांवर वाढणारे सूक्ष्म कीटक. टेरोमॅलिडी, यूलोफिडी, कॅल्सिडिडी इ. कुलांत त्यांच्या अनेक जाती मोडतात. घराच्या वळचणीला पोळे करणाऱ्या गांधीलमाशीशी त्यांचे दूरचे नाते आहे. परंतु पुष्कळ जातींची लांबी अवघी २-३ मिमी. असते व त्या माणसाला दंश करीत नाहीत. खरा परजीवी सामान्यतः पोषकाला (ज्याच्यावर तो जगतो त्या प्राण्याला) जिवंत ठेवतो. या कीटकांची वाढ मात्र पोषकाच्या मृत्यूनेच पूर्ण होते.

घरमाशीसारख्या माश्यांच्या अळीची शेवटची कात गळून न पडता कठीण होते व तिचे पिंपाच्या आकाराचे तपकिरी कवच बनते. कोशावस्था या कवचात पार पडते. मादी गांधीलमाशी शेणखतात, कचऱ्यात किंवा मातीत अशी कवचे हुडकते, अंडनिक्षेपकाने (अंडी घालण्याच्या अवयवाने) कवचास छिद्र पाडते, आतील कोशाला विषाने निश्चेष्ट करते व अंडी घालते. अंड्यांतून निघालेल्या अळ्या कोश खाऊन वाढतात. माशीऐवजी प्रौढ गांधीलमाशी कवच कुरतडून बाहेर येते. स्पॅलँजिया प्रजातीत एका कोशातून एकच, तर नॅसोनिया व्हिट्रिपेनिस या जातीत अनेक गांधीलमाश्या निघतात. फलित अंड्यांपासून माद्या व अफलित अंड्यांपासून नर निपजतात.

महाराष्ट्रात या कीटकांचे महत्त्व रेशीम उद्योगात विशेष दिसून येते. तुतीवरील रेशीमकिड्याचा मोठा शत्रू म्हणजे उझी माशी (एक्झोरिस्टा बॉम्बिसिस). ही टॅकिनिडी कुलातील असून स्वतःही परजीवी आहे. ती रेशीमकिड्याच्या अंगावर अंडी घालते. दोन-तीन दिवसांत निघालेली अळी त्याच्या शरीरात शिरते व त्या जागी काळा डाग पडतो. लवकर लागण झालेला किडा कोश विणण्यापूर्वीच मरतो. उशिरा लागण झाल्यास माशीची अळी विणलेला रेशीमकोश भोकसून बाहेर पडते. अशा कोशाचा अखंड धागा निघत नाही व शेतकऱ्याचे महिनाभराचे श्रम वाया जातात. पूर्व भारतातील ही माशी १९८० मध्ये कर्नाटकात आढळली व पुढे महाराष्ट्रातही पसरली. विदर्भातील टसर रेशीमकिड्याच्या गटाला ब्लेफॅरिपा झेबिना या दुसऱ्या उझी माशीचा उपद्रव होतो.

येथे कीटकनाशकाचा उपाय फारसा चालत नाही, कारण रेशीमकिडाही कीटकच असून अल्प विषानेही दगावतो. म्हणून संगोपनगृहाच्या दारे-खिडक्यांना जाळी लावणे, अळ्या व कोश वेचून नष्ट करणे या उपायांना यूलोफिडी कुलातील नेसोलिंक्स थायमस या गांधीलमाशीची जोड देतात. प्रयोगशाळेत ती घरमाशीच्या कोशांवर वाढविता येते. असे परजीवीयुक्त कोश पिशव्यांत भरून रेशीमकिड्याच्या पाचव्या अवस्थेत संगोपनगृहात टांगतात. किडे कोश विणू लागल्यावर पिशव्या चंद्रिकांजवळ व कोश काढल्यावर खताच्या खड्ड्याजवळ नेतात. बाहेर पडलेल्या माद्या जमिनीतील फटींत व कचऱ्यात दडलेले उझी माशीचे कोश शोधून काढतात. रेशीमकिडा त्यांचे लक्ष्य नसतो.

या उपायाला मर्यादा आहेत. गांधीलमाशी उझी माशीला कोशावस्थेत गाठते. तोवर त्या माशीची अळी ज्या किड्यावर वाढली तो किडा वाचण्यापलीकडे गेलेला असतो. त्यामुळे चालू पिकापेक्षा पुढील पिकालाच अधिक लाभ होतो. एकाच शेतकऱ्याने गांधीलमाश्या सोडल्या, तर शेजारच्या संगोपनगृहातून उझी माशी पुन्हा येते. म्हणून गावातील सर्वांनी एकाच वेळी हा उपाय करणे हितावह ठरते.

गोठे व कुक्कुटपालनगृहे येथील घरमाश्यांच्या नियंत्रणासाठीही स्पॅलँजिया इ. प्रजातींतील गांधीलमाश्या उपयुक्त आहेत. घरमाशीत कीटकनाशकांविरुद्ध प्रतिकारशक्ती लवकर निर्माण होते. खताच्या ढिगावर सरसकट विष फवारल्यास या गांधीलमाश्याही मरतात. प्रतिकारक्षम माश्या मात्र वाचून पुन्हा वाढतात. फवारणी मर्यादित ठेवणे व खत कोरडे राखणे हे म्हणूनच या उपयुक्त कीटकांच्या संवर्धनाचे सोपे उपाय होत.