बाळंतपणाची रंगीत तालीम

बाळाचं डोकं बाहेर आलं, पण खांदा आईच्या जघनास्थीमागे अडकला, तर लेबर रूममधल्यांच्या हाती जेमतेम काही मिनिटं उरतात. घाबरून डोकं ओढलं तर मानेतून हाताकडे जाणाऱ्या नसांना इजा होते, हात कायमचा लुळाही पडू शकतो. करायचं असतं ते वेगळंच. आईचे दोन्ही पाय मुडपून पोटाशी न्यायचे, एकीने जघनास्थीच्या वर हाताने दाब द्यायचा, दुसरीने घड्याळाकडे लक्ष ठेवायचं. पुस्तकात हे चार ओळींत मावतं. पण अशी वेळ क्वचितच येते. मग नवी सिस्टर किंवा निवासी डॉक्टर हे शिकणार कोणावर?

प्रश्न जुनाच आहे. सुश्रुतसंहितेत सरावावर स्वतंत्र अध्याय आहे. छेद घ्यायला कोहळा, दुध्या, कलिंगड. शिरावेधासाठी मेलेल्या जनावराच्या शिरा आणि कमळाचे देठ. पट्ट्या बांधायला माणसाची बाहुली. अठराव्या शतकात फ्रान्समध्ये मादाम द्यु कूद्रे या सुईणीने कापड आणि कातड्याचा, आत भराव घातलेला स्त्रीचा कटिभाग शिवला, सोबत बाळही. पंधराव्या लुईने 1759 मध्ये तिला खेड्यापाड्यांतल्या बायकांना शिकवायला नेमलं आणि ती वर्षानुवर्षं हा सरंजाम घेऊन गावोगाव हिंडली. त्यातला एक नमुना रूआँच्या संग्रहालयात आजही आहे.

आजची मामानॅटली त्याच कुळातली. नॉर्वेच्या लार्डाल कंपनीचा हा संच शिकवणारी व्यक्ती स्वतःच्या पोटावर बांधते. ती कण्हते, घाबरते, सिस्टरला प्रश्न विचारते. बाळ बाहेर आल्यावर गुपचूप झडप उघडते आणि लाल पाणी वाहू लागतं. समोरच्यांनी गर्भाशय चोळायचं, ऑक्सिटोसिन द्यायचं आणि बाईला धीरही द्यायचा.

तालमीचा खरा कस लागतो तो त्यानंतरच्या चर्चेत. 'कोण चुकलं' असं तिथे विचारत नाहीत. 'त्या क्षणी तुम्हाला काय वाटलं, म्हणून तसं केलंत?' असं विचारतात. मग साध्या गोष्टी उघड होतात. 'कुणीतरी ब्लड बँकेला फोन करा' असं ओरडलं की फोन कुणीच करत नाही; नाव घेऊन सांगितलं आणि समोरच्याने 'केला' असं उलट कळवलं, तरच काम होतं. इंजेक्शनच्या फ्रिजची किल्ली कुणाकडे असते, हेही तेव्हाच कळतं.

याचा उपयोग होतो का? इंग्लंडमधल्या ब्रिस्टलच्या साउथमीड रुग्णालयाने 2000 पासून प्रसूतिविभागातल्या सुइणी आणि डॉक्टर अशा सगळ्यांना एकत्र प्रशिक्षण सक्तीचं केलं. 2008 मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासानुसार, खांदा अडकलेल्या प्रसूतींत बाळाला इजा होण्याचं प्रमाण प्रशिक्षणाआधी 9.3 टक्के होतं, नंतर ते 2.3 टक्क्यांवर आलं.

आपल्याकडे 2019 पासूनच्या एमबीबीएस अभ्यासक्रमात स्किल लॅब सक्तीची आहे. पाऊल योग्यच, पण पुरेसं नाही. बाळंतपणं कॉलेजच्या लॅबमध्ये होत नाहीत. ती ग्रामीण रुग्णालयात होतात, रात्रपाळीला होतात, आणि तिथे डॉक्टर, सिस्टर, आया अशा सगळ्यांनी मिळून धावायचं असतं. तालीमही तिथेच, त्याच माणसांची व्हायला हवी. महागडा पुतळा नसला तरी चालेल. महिन्याच्या ड्युटी चार्टमध्ये तासभर तालमीसाठी राखून ठेवा, आणि त्या तासाला मोठ्या डॉक्टरांनी स्वतः हजर राहावं.